कुंडीतले जपानी फळ

कुलूच्या बागांत टोमॅटोसारखे दिसणारे एक नारिंगी फळ पिकते. तेथे त्याला ‘जपानी फळ’ म्हणतात. ज्याच्या पानांच्या विड्या वळतात, तो विदर्भातला तेंदू याच कुळातला! हिवाळा थंड असेल, तेथे हे झाड कुंडीतही वाढते. कलम लावावे. मूळ सरळ खाली जाते, म्हणून कुंडी खोल हवी आणि तळाला भोके हवीत. खरी काळजी पाण्याची. कुंडीतली माती लवकर सुकते आणि पाण्याचा ताण पडला, की झाड कच्ची फळे गाळून टाकते. हिवाळ्यात सारी पाने गळतात. झाड वाळले असे समजून ते उपटू नका. काही जातींचे कडक फळ टॅनिनमुळे फार तुरट लागते. ते केळ्यांजवळ ठेवावे, लवकर मऊ आणि गोड होते.