आजीचं पहिलं नाव रेचल

आमच्या मुरबाडहून ठाण्याला गेलो की १८७९ चं सिनेगॉग बघून येतो. तिथल्या बेने इस्रायली ज्यूंची मायबोली मराठी! कोकणात तेलाचे घाणे चालवायचे, शनिवारी बंद ठेवायचे. म्हणून 'शनवार तेली'.

सादिया शेपर्ड ही अमेरिकेत वाढलेली माहितीपटकार. वडील ख्रिश्चन, आई पाकिस्तानी मुस्लिम. तेरा वर्षांची असताना तिला कळलं, कराचीत राहिलेली आजी मूळची बेने इस्रायली, रेचल जेकब्स. आजीला दिलेल्या शब्दाखातर सादिया २००१ मध्ये भारतात आली, आणि 'इन सर्च ऑफ द बेने इस्रायल' हा माहितीपट घडला.

बेने इस्रायलींचा मलिदा म्हणजे भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, गूळ. आपल्याच घरातला वास! माहितीपट मिळवून जरूर बघा.