घरातली यंत्रं : ओव्हनचा आवाज नेमका केव्हा येतो?

मागच्या आठवड्यात मिक्सरची घरघर ऐकली, आज ओव्हनची पाळी. ओव्हन नेहमीपेक्षा वेगळा वाजू लागला की आपण मेकॅनिकला फोन करून सांगतो, ‘खरखर करतोय.’ एवढ्यावरून त्याला फारसं काही कळत नाही. तो आवाज केव्हा सुरू होतो आणि केव्हा थांबतो, हे सांगितलंत तर निम्मं निदान फोनवरच होतं.

आधी ओटीजी. यात तापणारे रॉड, थर्मोस्टॅट आणि टायमर असतात. काही मॉडेलांत पंखा आणि सळई फिरवणारी मोटरही असते. नानकटाईसाठी १८० अंशांवर प्रीहीटला लावला की सुरुवातीच्या काही मिनिटांत आतून ‘टक्’, ‘ठण्’ ऐकू येतं. हा प्रसरण पावणाऱ्या पत्र्याचा आवाज. ४० सेंटिमीटर लांबीचा पोलादी पत्रा १५० अंशांनी तापला तर सुमारे पाऊण मिलिमीटर वाढतो. स्क्रूंनी आवळलेल्या पत्र्याला तेवढीही मोकळीक नसते. तो ताण धरून राहतो आणि एकदम सरकतो. ओव्हन बंद केल्यावर पत्रा आकसताना पुन्हा तसंच वाजतं. त्यात काळजीचं काही नाही.

अधूनमधून येणारी बारीक ‘टिक’ थर्मोस्टॅटची. त्यात दोन वेगवेगळ्या धातूंची जोडपट्टी असते. ठरलेलं तापमान आलं की ती वाकून वीज तोडते, गार झाली की पुन्हा जोडते. ही टिक यायलाच हवी. टिक येत नाही, रॉड सतत लाल राहतात आणि पदार्थ करपतात, अशी तक्रार असेल तर थर्मोस्टॅट तपासून घ्या.

मायक्रोवेव्हची गुणगुण वेगळी. आपली वीज सेकंदाला ५० आवर्तनांची. ट्रान्सफॉर्मरचा लोखंडी गाभा प्रत्येक आवर्तनात दोनदा थरथरतो, म्हणून १०० हर्ट्झचा खोल, घुमणारा आवाज येतो. कमी पॉवर ठेवली की ही गुणगुण मध्येच थांबते आणि पुन्हा सुरू होते. अनेकांना तो बिघाड वाटतो. पण साध्या मायक्रोवेव्हमधला मॅग्नेट्रॉन चालतो तेव्हा पूर्ण ताकदीनेच चालतो; ५० टक्के पॉवर म्हणजे निम्मा वेळ चालू, निम्मा वेळ बंद.

खरखर किंवा खडखड येत असेल तर आधी काचेची प्लेट आणि तिच्याखालची चाकांची रिंग काढा. चाकांत अडकलेला भाताचा वाळका दाणाही खडखडीला पुरतो. दोन्ही धुवा, तळ पुसा आणि प्लेट मधल्या खुंटीवर नीट बसवा. तरीही आवाज आला तर मोड बदलून ऐका. कपभर पाणी ठेवून मायक्रोवेव्ह मोड लावा. मग कप काढून ग्रिल आणि कन्व्हेक्शन. फक्त मायक्रोवेव्ह मोडवर मोठी घरघर येत असेल तर संशय मॅग्नेट्रॉन आणि ट्रान्सफॉर्मरवर. फक्त कन्व्हेक्शनवर घासल्यासारखं वाजत असेल तर आतल्या भिंतीमागचा गरम हवेचा पंखा. तिन्ही मोडवर सारखाच आवाज असेल तर प्लेटची मोटर किंवा यंत्र गार ठेवणारा पंखा. काम संपल्यावरही पंख्याची घोंघों थोडा वेळ चालू राहिली तर चालू राहू द्या. आतली उष्णता बाहेर पडत असते. लगेच प्लग काढू नका.

एका आवाजाला मात्र थांबून ऐकत बसायचं नाही. चरचर आणि सोबत ठिणग्या दिसल्या की त्याच क्षणी बटण बंद करा. आत चमचा, फॉइल किंवा सोनेरी काठाचं भांडं राहिलंय का ते पाहा. तसं काही नसेल तर आतल्या बाजूच्या भिंतीवरची पुठ्ठ्यासारखी दिसणारी अभ्रकाची शीट न्याहाळा. लहरी तिच्यातून आत येतात. तिच्यावर उडालेलं तूप, मसाला जळून कोळसा होतो आणि तिथेच ठिणगी पडते. शीटवर काळा डाग किंवा भोक दिसलं तर ती बदलेपर्यंत ओव्हन वापरू नका. चरचर भिंतीवरच्या सॉकेटमधून येत असेल किंवा प्लग तापत असेल तर इलेक्ट्रिशियनला बोलवा; कन्व्हेक्शन ओव्हनला १६ अँपिअरचं घट्ट बसणारं सॉकेट हवं.

आणि मायक्रोवेव्हचं बाहेरचं कव्हर घरी कधीही उघडू नका. आतला कपॅसिटर सुमारे २००० व्होल्टचा असतो आणि प्लग काढल्यानंतरही त्यात जीवघेणा विद्युतभार उरलेला असू शकतो. यूट्यूबवर पाहून करायचं हे काम नाही.

मेकॅनिक यायच्या आधी मोबाइलवर आवाज रेकॉर्ड करून ठेवा. कोणता मोड होता, कितव्या मिनिटाला सुरू झाला आणि प्लेट फिरत होती का, एवढं लिहून ठेवलंत की नको तो सुटा भाग बदलून घेण्याचा खर्च बहुधा टळेल.

पुढच्या आठवड्यात : फ्रिज रात्री का वाजतो?