मनाचा कौल

सदसद्विवेकबुद्धी हा शब्द आपण ठेवणीतल्या भांड्यासारखा सभासमारंभालाच बाहेर काढतो. त्यात आणखी एक अडचण. हट्टी माणूसही 'माझे मन मला सांगते' असेच म्हणतो. मग खरा कौल ओळखावा कसा?

अशा वेळी मला साने गुरुजी आठवतात. पंढरपूरचे विठ्ठलमंदिर अस्पृश्य मानलेल्यांना खुले व्हावे, म्हणून १ मे १९४७ रोजी ते उपोषणास बसले. बडव्यांचा विरोध अपेक्षितच होता. पण ज्यांना ते गुरुस्थानी मानीत, त्या गांधीजींनीही उपोषण सोडण्यास कळविले. गुरुजींनी मानले नाही. मंदिर खुले करण्याचे ठरले, तेव्हाच ते सुटले. त्यांनी विठ्ठल सोडला नाही, गांधीजीही सोडले नाहीत. मात्र निर्णय कोणाच्या हाती दिला नाही. किंमत मोजली ती स्वतःच्या देहाने.

आमची चिखलोली अंबरनाथ आणि बदलापूर यांच्या मधली. पंढरपूर येथून दूर. पण उंबरठे येथेही आहेत. आमच्या सोसायटीत ठराव आला : सफाईवाल्या बाईंनी लिफ्ट वापरू नये. विरोधात आम्ही दोघेच. मी आणि सत्तरीच्या एक आजी. "मग मीही जिन्यानेच जाईन," आजी म्हणाल्या, आणि कठडा धरीत चार मजले चढू लागल्या. आठवड्यात ठराव बारगळला.

हट्टाचा भुर्दंड बहुधा दुसऱ्याला पडतो. मनाच्या कौलाचा स्वतःला. वाचक हो, आपापल्या जिन्यात हे ताडून पाहा.