लेन्स्टनची नोंदवही

पुरावा कायदा शिकलेल्या कुणालाही ‘डचेस ऑफ किंग्स्टन केस’ हे नाव नवं नाही. फसवून किंवा संगनमत करून मिळवलेला निकाल दुसऱ्या कोर्टावर बंधनकारक राहत नाही, हे तत्त्व जिथे जिथे येतं तिथे तळटीपेत ही बाई हजर असते. २०२४पर्यंत लागू असलेल्या आपल्या १८७२च्या पुरावा कायद्यातलं कलम ४४ वाचताना तिचं नाव निघायचं. २००७ साली सर्वोच्च न्यायालयाने जमिनीच्या एका प्रकरणात फसवणूक म्हणजे काय याची चर्चा केली, तेव्हाही याच खटल्यातलं मुख्य न्यायाधीश डी ग्रे यांचं मत आधाराला घेतलं. वकील मंडळी हे मत घोकतात आणि पुढे जातात. मला मात्र तत्त्वापेक्षा ती बाईच वर्षानुवर्षं खुणावत राहिली. एका इंग्लिश सरदारीणबाईंच्या लग्नाचा निकाल लागून अडीचशे वर्षं होत आली, तरी आपल्या कोर्टांत तिचं नाव अजून का घेतलं जातं, हे समजून घ्यायचं म्हणून हॉवेलच्या ‘स्टेट ट्रायल्स’चा विसावा खंड उघडला आणि त्यात अडकलो.

या डचेसबद्दल, म्हणजे एलिझाबेथ चडलीबद्दल, जे सगळीकडे छापून येतं ते थोडक्यात सांगून टाकतो. जन्म १७२१चा. वडील कर्नल, चेल्सीच्या सैनिकी आश्रमाचे उपप्रमुख. ते लवकर गेले. मुलगी देखणी आणि हजरजबाबी. १७४३ साली ती युवराज्ञी ऑगस्टाच्या मानकरी सख्यांमध्ये दाखल झाली. १७४९च्या एका मुखवट्याच्या नाचात ती ग्रीक कथेतल्या इफिजिनियाच्या वेषात इतक्या तोकड्या वस्त्रांत आली की पुढची कित्येक वर्षं लंडनमध्ये त्याची चित्रं विकली गेली. म्हातारा राजा दुसरा जॉर्ज तिच्यावर लुब्ध होता. तिचा समकालीन लेखक हॉरेस वॉलपोलने आपल्या पत्रांतून तिच्यावर यथेच्छ तोंडसुख घेतलं आणि तिच्यावर लिहिणारे बहुतेक लेखक आजही वॉलपोलचीच री ओढतात. माझ्या मते हा तिच्यावर आणि त्या काळावर, दोघांवरही अन्याय आहे. या बाईचं आयुष्य समजून घ्यायचं तर नाचाचा पोशाख विसरून एका कोऱ्या वहीकडे पाहायला हवं.

१७४४च्या उन्हाळ्यात विंचेस्टरच्या घोड्यांच्या शर्यतीत तिची ऑगस्टस हर्वीशी गाठ पडली. तो वीस वर्षांचा, आरमारात लेफ्टनंट, अर्ल ऑफ ब्रिस्टलचा नातू. पण धाकट्या पातीतला, म्हणजे हाती पैसा नाही. ती मावशीबरोबर, मिसेस हॅनमरबरोबर, जवळच्या लेन्स्टनला मेरिल नावाच्या नातेवाइकाकडे उतरली होती. ४ ऑगस्टच्या रात्री अकराच्या सुमाराला मेरिलच्या बागेलगतच्या चिमुकल्या चर्चमध्ये दोघांचं लग्न लागलं. पाद्री थॉमस एमिस. हजर माणसं मोजकीच: मावशी, मेरिल, माउंटनी नावाचे एक गृहस्थ आणि मावशीची मोलकरीण ॲन क्रॅडक. चर्चमध्ये दिवा नव्हता. माउंटनीने आपल्या टोपीत मेणबत्ती खोचली आणि त्या उजेडात पाद्र्याने लग्नविधी वाचला. नोंद कुठेच झाली नाही. लग्न उघड झालं तर तिची दरबारातली जागा जाणार होती आणि त्याच्या घरचे बिथरणार होते. थोड्याच दिवसांत हर्वी जहाजावर चढून वेस्ट इंडीजकडे निघून गेला.

इथे एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. बिननोंदणीची चोरटी लग्नं बंद करणारा लॉर्ड हार्डविकचा विवाह कायदा १७५३चा. १७४४ साली पाद्र्याने लावलेलं लग्न नोंद नसली तरी पक्कं लग्न होतं. मेणबत्तीचा तो उजेड कायद्याला पुरेसा होता.

संसार झालाच नाही. १७४७ साली एक मुलगा झाला, गुपचूप, आणि तान्हेपणीच गेला. त्यानंतर नवराबायको एकमेकांना टाळूनच राहिले. लग्न ही मेलेली गोष्ट आहे असं दोघंही धरून चालले. मग १७५९ साली बातमी आली की हर्वीचा थोरला भाऊ, आता स्वतः अर्ल ऑफ ब्रिस्टल झालेला, अंथरुणाला खिळला आहे. तो गेला असता तर हर्वी अर्ल आणि एलिझाबेथ काउंटेस झाली असती. फक्त ती त्याची बायको आहे हे दाखवणारा कागद हवा होता.

त्या फेब्रुवारीतल्या एका सकाळची हकिकत पाद्र्याच्या बायकोने सतरा वर्षांनी साक्षीत सांगितली. तोवर एमिस वारला होता आणि ती पुन्हा लग्न करून ज्युडिथ फिलिप्स झाली होती. संपूर्ण खंडात इतकं बारकाईने पाहिलेलं आणि इतकं साधेपणाने सांगितलेलं दुसरं काही मला सापडलं नाही. पहाटे सहाच्या सुमाराला समोरच्या ब्लू बोअर या खाणावळीतून तिला बोलावणं आलं. तिथे एलिझाबेथ बसली होती. तिने विचारलं, तुमचे यजमान मला लग्नाचा दाखला देतील का? एमिस आजारी, अंथरुणावर. तरी तो तयार झाला. मेरिलला बोलावलं, त्याने येताना मुद्रांकित कागद आणला. मग विंचेस्टरचे वकील स्पिअरिंग यांना निरोप गेला. ते येईपर्यंत बाईसाहेब कपाटवजा कोठडीत लपून बसल्या, कारण आपण इथे आहोत हे वकिलाला कळू नये अशी त्यांची इच्छा होती. स्पिअरिंगने कागद पाहिला आणि सांगितलं, याने भागायचं नाही; वही पाहिजे आणि नोंद करताना बाई स्वतः समोर पाहिजेत. ज्युडिथने कोठडीपाशी जाऊन हे कळवलं, तशा बाई बाहेर आल्या आणि त्यांनी वकिलालाच वही विकत आणायला धाडलं.

त्या कोऱ्या वहीत आजारी एमिसने दोन नोंदी केल्या. पहिली १७४२ सालच्या एका दफनाची, मेरिल घराण्यातल्या सुझॅना नावाच्या बाईची. दुसरी ४ ऑगस्ट १७४४च्या लग्नाची. पहिली नोंद का घातली असेल? माझ्या मते उत्तर सरळ आहे: पंधरा वर्षांपूर्वीचं एकच लग्न वहीच्या पहिल्या ओळीत बसलं असतं तर पाहणाऱ्याला शंका आली असती. त्याआधी एक दफन आलं की वही चर्चची नोंदवही दिसू लागते. नोंदवलेल्या गोष्टी खऱ्या होत्या, वहीचं वय तेवढं खोटं होतं. वही हाती आल्यावर एलिझाबेथने एमिसचे आभार मानले आणि म्हणाली, ही नोंद मला लाख पौंडांची ठरू शकेल. मग ती मोहोरबंद करून त्याच्याच ताब्यात ठेवली आणि त्याच्या मृत्यूनंतर मेरिलकडे द्यायला सांगितलं. आजारी अर्ल मात्र बरा झाला. वही तशीच पडून राहिली.

पुढची दहा वर्षं भरभर ओलांडू. एलिझाबेथ इव्हलिन पिअरपॉन्टबरोबर, किंग्स्टनच्या दुसऱ्या ड्यूकबरोबर, जवळपास उघडपणे राहू लागली. हर्वीलाही दुसरं लग्न करायचं होतं. मग १७६८ साली लंडनच्या बिशपच्या चर्च न्यायालयात एक दावा आला: हा इसम मी त्याची बायको आहे असं खोटंच सांगत फिरतो, त्याला गप्प बसवावं. हर्वीने पुरावा दिल्यासारखं केलं. एलिझाबेथने आपलं लग्न झालेलं नाही अशी शपथ घेतली. फेब्रुवारी १७६९मध्ये न्यायालयाने तिला अविवाहित ठरवलं आणि ८ मार्चला ती ड्यूकशी लग्न करून डचेस झाली. तिने ड्यूकला फसवलं असं सर्रास लिहिलं जातं. मला ते पटत नाही. ज्या गोष्टीची चर्चा अर्ध्या लंडनमध्ये होती ती तिच्या घरात राहणाऱ्या माणसाच्या कानावर आलीच नाही, हे मानणं कठीण आहे. त्याला लग्न हवं होतं आणि चर्चचा निकाल ही त्याची सोय होती.

१७७३मध्ये ड्यूक वारला. मृत्युपत्रानुसार ती पुन्हा लग्न करत नाही तोवर जमीनजुमला तिच्या हयातीपुरता तिच्याकडे, जंगम मालमत्ता कायमची तिची. थोरला भाचा इव्हलिन मेडोज वगळला गेला; तिच्यामागे सारं धाकट्या भाच्याकडे, चार्ल्सकडे, जाणार होतं. खटल्याचं मूळ इथे आहे. इव्हलिन मेडोजला विवाहसंस्थेच्या पावित्र्याशी कर्तव्य नव्हतं. बाई ड्यूकची बायकोच नव्हती असं सिद्ध झालं तर मृत्युपत्र कोसळेल, हा त्याचा हिशेब होता. ॲन क्रॅडक त्याच्या बाजूला आली आणि द्विविवाहाचा फौजदारी आरोप दाखल झाला. नाटककार सॅम्युएल फूट याने याच सुमाराला तिच्यावर बेतलेलं नाटक रचलं. दरबाराने प्रयोगाला परवानगी नाकारली आणि दोघांनी वर्तमानपत्रांतून एकमेकांचे वाभाडे काढले. त्या भांडणावर पानंच्या पानं लिहिली गेली आहेत. माझ्या दृष्टीने ते मूळ प्रकरणापुढे किरकोळ आहे.

१५ एप्रिल १७७६ रोजी वेस्टमिन्स्टर हॉलमध्ये सरदारांच्या सभागृहापुढे खटला उभा राहिला. अमेरिकेत युद्ध पेटलेलं होतं. महिन्याभरापूर्वीच इंग्रजी फौजांना बॉस्टन सोडावं लागलं होतं. तरी पाच बैठकींसाठी सगळं सरदार मंडळ इथे बसलं. गॅलरीत जागा मिळवण्यासाठी झुंबड उडाली. दिवस भरत आलेली राणी शार्लटही येऊन बसली. एलिझाबेथ काळ्या शोकवस्त्रांत, ड्यूकची विधवा म्हणून, उभी राहिली.

बचाव एकाच मुद्द्यावर होता: चर्च न्यायालयाने लग्न झालं नाही असं ठरवलं आहे, आता तो विषय संपला. लॉर्डांनी न्यायाधीशांचं मत मागवलं आणि डी ग्रे यांनी ते सांगितलं. चर्चचा तो निकाल फौजदारी खटल्यात सरकारला बांधत नाही. आणि बांधत असता तरी तो संगनमताने मिळवला हे दाखवायला सरकार मोकळं आहे. आपले वकील आजवर उद्धृत करतात ते हेच.

मग साक्षी झाल्या, आणि त्या एकापाठोपाठ एक वाचताना त्या समाजाची उतरंड डोळ्यांसमोर उभी राहते. लॉर्ड बॅरिंग्टन हा युद्धखात्याचा मंत्री आणि डचेसचा जुना स्नेही. त्याने सांगितलं, विश्वासाने कानावर आलेल्या खासगी गोष्टी उघड करणं माझ्या अब्रूला शोभणार नाही. त्यावर मोठी वादावादी झाली. सीझर हॉकिन्स हा नामांकित शल्यवैद्य. त्याने विचारलं, व्यवसायात कळलेलं सांगायला मी बांधील आहे का? ज्येष्ठ न्यायाधीश लॉर्ड मॅन्सफिल्डने निर्वाळा दिला की वैद्याने आपणहून गुपित फोडणं बेअब्रूचं, पण न्यायालयात ते सांगावंच लागेल. डॉक्टरला साक्षीतून सूट नाही, हा नियमही या खटल्याकडे बोट दाखवूनच सांगितला जातो. आणि ॲन क्रॅडक? तिलाही बाईसाहेबांनी विश्वासात घेतलं होतं. तिच्या अब्रूचा प्रश्न कुणी काढला नाही. तिला विचारलं गेलं ते एवढंच, की या साक्षीबद्दल तुला काय देऊ केलं आहे. सरदारांनी तो प्रश्न फिरवून फिरवून विचारला आणि ती अडखळली. पण चर्च, रात्र, टोपीतली मेणबत्ती, नंतर नवराबायकोला निजायच्या खोलीत पाहिलेलं, यावरून ती हलली नाही. तिला बक्षिसाची आशा असेलही. मेडोजला होती, हर्वीला होती, डचेसला तर होतीच. बत्तीस वर्षांपूर्वीची हकिकत तिने खरी सांगितली, आणि माझ्या लेखी ती या प्रकरणातली सर्वांत सरळ व्यक्ती आहे.

तिच्यामागून ज्युडिथ फिलिप्स आली आणि लेन्स्टनची वही पुढे झाली. काउंटेस होण्यासाठी जन्माला घातलेल्या पुराव्याने एलिझाबेथचं डचेसपण हिरावून घेतलं. हजर सरदारांनी छातीवर हात ठेवून एकेक करून तिला दोषी ठरवलं. ड्यूक ऑफ न्यूकॅसलने तेवढं ‘चुकून दोषी, हेतुपुरस्सर नाही’ अशा अर्थाचं मत दिलं.

शिक्षा होती तापल्या लोखंडाने हातावर डाग. एलिझाबेथने सरदारपत्नीचा विशेषाधिकार मागितला. सरकारी वकील थर्लोने विरोध केला, पण लॉर्डांनी तो मान्य केला, कारण मधल्या काळात, १७७५ साली, हर्वी खरोखरच अर्ल ऑफ ब्रिस्टल झाला होता. डचेस नसली तरी ती काउंटेस होती. न्यायालयाचं शुल्क भरून ती बाहेर पडली. हे असंच होणार हे मॅन्सफिल्डने आधीच सांगून ठेवलं होतं. हाच गुन्हा ॲन क्रॅडकने केला असता तर तिचा हात डागला गेला असता. या देशाच्या कायद्यापुढे सारे समान, असं त्या शतकातल्या इंग्रजांनी जगाला वारंवार ऐकवलं. बारा वर्षांनी याच हॉलमध्ये वॉरन हेस्टिंग्जवर महाभियोग उभा राहिला तेव्हाही तीच भाषा वापरली गेली. त्या भाषेचं मोल ज्याला ठरवायचं असेल त्याने २२ एप्रिल १७७६ची शेवटची पानं पाहावीत.

मेडोजच्या हाती काहीच लागलं नाही. एलिझाबेथ कॅलेला निसटली, पुढे सेंट पीटर्सबर्गला जाऊन कॅथरिन राणीच्या दरबारी वावरली आणि ऑगस्ट १७८८मध्ये पॅरिसमध्ये वारली. मृत्युपत्र अखेरपर्यंत टिकलं. ड्यूकची थोरस्बीची जहागीर ठरल्याप्रमाणे चार्ल्सकडे गेली. त्याने पिअरपॉन्ट आडनाव घेतलं आणि १८०६ साली तो अर्ल मॅनव्हर्स झाला.

तिच्यावर चरित्रं बरीच आहेत आणि वॉलपोलची पत्रंही सहज मिळतात. जॉर्जियन इंग्लंडचं कुतूहल असलेल्या वाचकाला माझी एकच विनंती आहे: त्यांच्याकडे वळण्याआधी विसाव्या खंडातल्या ॲन क्रॅडक आणि ज्युडिथ फिलिप्स यांच्या साक्षी वाचा.