हसू घशात अडकवणारा कवी

नाशिकहून आग्रा महामार्गाने निघालं की ओझरनंतर पिंपळगाव बसवंत लागतं. वि. वा. शिरवाडकरांचं, म्हणजे कुसुमाग्रजांचं बालपण इथलं. ‘विशाखा’मुळे (१९४२) क्रांतीचा कवी ही त्यांची ओळख इतकी ठसली, की त्यांच्या विनोदाकडे आपलं दुर्लक्षच झालं. तो विनोद मात्र फार धारदार आहे.

‘अखेर कमाई’ ही कविताच घ्या. फुले, शिवाजी महाराज, आंबेडकर, टिळक आणि गांधी यांचे पुतळे रात्री भेटून मन मोकळं करतात. पहिल्या चौघांचं दुःख एकच: एकेका समाजाने त्यांना आपल्यापुरतं करून टाकलं. गांधींच्या वाट्याला तेवढंही नाही, फक्त सरकारी कचेऱ्यांच्या भिंती! वाचताना आधी हसू फुटतं, मग ते घशातच अडकतं.

नाटककार शिरवाडकरांनी ऑस्कर वाइल्डच्या सुखात्मिकेवरून ‘दूरचे दिवे’ लिहिलं. ‘नटसम्राट’ (१९७०) तर शोकांतिका; पण त्यातही नायक गणपतराव बेलवलकर बायकोला, कावेरीला, लाडाने ‘सरकार’ म्हणतात. त्या थट्टेतला जिव्हाळा जाणवला, तरच कावेरी गेल्यावर म्हातारा किती उघडा पडतो ते कळतं.