घरचा आंबा : उतार आणि अढी

आंबा, बोर, जांभूळ ही आपल्या भागातील आठळीची फळे. त्यांत आंब्याचा मान मोठा. बसवकल्याणच्या आसपास बांधावर किंवा परसात आंब्याचे एखादे झाड राखणारी घरे पुष्कळ आहेत. पण झाडासाठी दहा वर्षे खपणारा मनुष्य फळ उतरविताना दहा दिवस थांबत नाही. मग आंबा आंबट निघतो, सुरकुततो किंवा अढीतच कुजतो, आणि बोल मात्र झाडाला लागतो. म्हणून या वेळी आपण आंब्याचा उतार आणि अढी यांचा विचार करू.

प्रथम लागवडीविषयी थोडेसे. कोयीपासून वाढलेले झाड मूळ झाडासारखेच फळ देईल याची खात्री नसते. म्हणून केशरसारख्या जातीचे कलम लावावे. खड्डा एक मीटर लांब, रुंद व खोल घ्यावा आणि त्यात चांगले कुजलेले शेणखत घालावे. कलमाचा जोड मातीच्या वर ठेवावा. काळ्या जमिनीत बुंध्याशी पाणी साचू देऊ नये. पहिली तीन वर्षे आलेला मोहोर खुडून टाकावा. झाडाला बळ येते.

फळ केव्हा उतरवावे? झाडावर एखाददुसरा पाड पडू लागला, देठाजवळचे खांदे वर आले आणि गर्द हिरवा रंग फिकट झाला, म्हणजे फळ तयार झाले असे समजावे. शंका असल्यास दोन-चार फळे पाण्याच्या बादलीत टाकून पाहावीत. तयार फळ बुडते, कोवळे तरंगते.

उतरविताना झाड झोडपू नये. आपटलेले फळ वरून चांगले दिसले तरी आतून सडते. सकाळच्या थंड वेळी झेल्याने, एक-दोन सेंटिमीटर देठ ठेवून फळ काढावे. देठ मुळातून तुटला की चीक सालीवर ओघळतो व तेथे काळे डाग पडतात. डागी व फुटकी फळे वेगळी काढून आधी वापरावीत. खाली पडलेली किडकी फळे खोल पुरावीत, नाहीतर फळमाशी वाढते.

अढीसाठी हवेशीर, कोरडी खोली निवडावी. आपल्याकडे भाताचा पेंढा सहसा मिळत नाही. वाळलेले मऊ गवत चालते. कडब्याची ताटे टोचतात, ती टाळावीत. गवतावर फळांचे दोन-तीन थर लावून वर गोणपाट टाकावे. दर दोन दिवसांनी अढी पाहावी व नासके फळ लगेच काढावे. आठ-दहा दिवसांत आंबा पिकतो.

येथेच काहींना कार्बाईडच्या पुडीचा मोह होतो. ही पुडी ओलाव्याने ॲसिटिलीन वायू सोडते. त्यामुळे कोवळ्या फळाची सालही पिवळी होते, पण गर आंबटच राहतो. शिवाय बाजारी कार्बाईडमध्ये आर्सेनिक व फॉस्फरस यांचे अंश असू शकतात. त्याने चक्कर, घशाची जळजळ, उलट्या असे त्रास संभवतात. आपल्या देशात 2011 च्या अन्नसुरक्षा नियमांनुसार कार्बाईडने पिकविलेली फळे विकण्यास बंदी आहे. जी वस्तू गिऱ्हाइकाला देण्यास मनाई आहे, ती आपल्या लेकरांच्या ताटात कशी चालेल? घाईच असेल तर कागदी पिशवीत आंब्यांबरोबर एक पिकलेले केळे ठेवावे. त्यातून निघणारा इथिलीन वायू हेच काम निर्धोकपणे करतो.

कच्चा आंबा फ्रिजमध्ये ठेवू नये. फार थंडीने साल काळवंडते व फळ नीट पिकत नाही. पिकलेला मात्र चार-पाच दिवस राहतो. कैऱ्यांच्या फोडी वाळवून आंबोशी करावी, जास्तीच्या रसाची पोळी उन्हात वाळवावी. खाण्यापूर्वी आंबा धुऊन तासभर पाण्यात ठेवावा. मधुमेह असलेल्यांनी वैद्यांच्या सल्ल्याने, मोजकाच खावा.

झाड गुत्त्याने देणाऱ्यांना आमची एक सूचना आहे. पाड लागण्याआधी फळ उतरवायचे नाही व कार्बाईड वापरायचे नाही, ही अट व्यवहार ठरतानाच घालावी. उतार वेळेवर झाला, तर मृगाच्या पावसाआधी अढीही भरते आणि घरातील सर्वांच्या वाट्याला गोड फळ येते.