शेतात उगवलेला डोंगर

डोंगर म्हटला की तो आपल्या पणजोबांच्याही आधीचा असायचाच, अशी आपली समजूत. पण मेक्सिको देशात असा एक डोंगर आहे, की ज्याची जन्मतारीख सांगता येते : २० फेब्रुवारी १९४३.

त्या दिवशी पारीकुतीन गावचा शेतकरी दियोनिसियो पुलीदो मक्याच्या पेरणीसाठी रान साफ करीत होता. काही आठवडे भूकंपाचे धक्के बसतच होते. दुपारी चारच्या सुमारास शेतातच भेग पडली, जमीन फुगून वर आली आणि राख व गंधकाचा वास सुटला. बिचारा गावाकडे पळाला. सकाळी येऊन पाहतो तो काय, रानात टेकडी! वर्षभरात ती हजार फुटांवर गेली.

हे घडतं कसं? तिथं पॅसिफिक महासागराचा तळ मेक्सिकोच्या भूमीखाली हळूहळू सरकतो आहे. तळाच्या खडकात मुरलेलं पाणी खोलवर गेल्यावर सुटतं, वरच्या तापलेल्या खडकात शिरतं आणि मग तो खडक एरवीपेक्षा कमी उष्णतेत वितळतो. हा रस वर येताना त्यातला वायू, सोडावॉटरची बाटली फोडल्यासारखा, जोरानं सुटतो आणि रसाचे तुकडे उडवतो. तेच भोवती पडून डोंगर रचतात. ‘ज्वालामुखी’ हा शब्द मला थोडा फसवाच वाटतो. आत लाकूड-कोळसा काही जळत नसतं, दगडच तापून लाल झालेला असतो.

अशा डोंगरांची माळच त्या देशातून पूर्व-पश्चिम गेली आहे. शिक्षकांनी नकाशावर जरूर दाखवावी. तिच्यातला ओरिसाबा ५,६३६ मीटर उंच, देशात सर्वांत उंच. पोपोकातेपेत्ल, म्हणजे ‘धुमसणारा डोंगर’, १९९४ साली पुन्हा जागा झाला. आपल्या सह्याद्रीचा काळा दगडही अशाच रसाचा. मात्र सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी तो मुख्यतः लांबच लांब भेगांतून पसरला.

पारीकुतीनचा रस माणसाच्या चालीपेक्षा हळू सरके, म्हणून त्याखाली कोणी मेलं नाही. राखेच्या ढगातली वीज पडून मात्र तिघे गेले. दोन गावं गाडली गेली. १९५२ साली डोंगर निवाला. या जातीचा ज्वालामुखी एकदाच जागतो, पण त्या मुलखात दुसरा केव्हाही उगवू शकेल.

सान हुआनचे लोक १९४४ साली देवाची मूर्ती खांद्यावर घेऊन पायी निघाले आणि दूर नवं गाव वसवून राहिले. जुन्या गावाच्या चर्चचा मनोरा आजही त्या काळ्या दगडातून वर डोकावतो.